इझाकायात पहिल्यांदा जाताना: सॅन होजेच्या जपानटाउनसाठी एक वाटाड्या

माझी आई जन्मापासून शाकाहारी. पहिल्यांदा अमेरिकेत आली तेव्हा हौसेने तिला सॅन होजेच्या जपानटाउनमध्ये जेवायला नेलं. वेटरला विचारलं, "हे सूप व्हेजिटेरियन आहे ना?" तो हसून "हो" म्हणाला. काळ्या लाकडी वाटीत वाफाळतं मिसो सूप आलं (मिसो म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचं वाटण), वर पांढऱ्या टोफूचे चौकोनी तुकडे आणि हिरवी कांद्याची पात. आईला ते इतकं आवडलं की तिने दुसरी वाटी मागितली. त्या सुपाचं पाणीच माशाचं असतं हे मला आठवड्याने कळलं. आईला सांगितलं तेव्हा ती काहीच बोलली नाही. दोन दिवस फक्त दहीभात खाल्ला.

वेटर खोटं बोलला नव्हता. त्याच्या लेखी सुपात मासा म्हणजे माशाचा तुकडा, आणि तो नव्हताच. चुकला होता माझा प्रश्न. तेव्हापासून नव्याने आलेल्या किती तरी मराठी मुलामुलींना मी तिथे घेऊन गेले आहे. दर वेळी ज्या गोष्टी तोंडी सांगते, त्या इथे क्रमाने लिहिते. सॅन होजेत राहत नसाल तरी बहुतेक सगळं लागू पडेल, फक्त दारूचे आणि कराचे नियम आपापल्या राज्याचे बघा.

आधी थोडं: ही जागा कसली आहे

इझाकाया म्हणजे बसून प्यायची जागा. दारू मुख्य, आणि तिच्या जोडीला छोट्या छोट्या बशांमधून येणारं खाणं. सुशी बार वेगळा, रामेन नूडल्सचं दुकान वेगळं. तव्यासमोर बसवून आचारी करामती करतो तो तेप्पानयाकीचा प्रकारही वेगळा. तो अमेरिकेत लोकप्रिय झाला १९६४ साली न्यूयॉर्कमध्ये सुरू झालेल्या बेनिहाना या रेस्टॉरंटमुळे. इझाकायात ताट किंवा थाळी नसते. बश्या मधोमध ठेवायच्या, सगळ्यांनी वाटून खायचं, संपलं की पुन्हा मागवायचं.

अमेरिकेत जुनी जपानी वस्ती टिकून असलेली जपानटाउन्स आता तीनच आहेत: सॅन फ्रान्सिस्को, लॉस एंजेलिस आणि सॅन होजे. तिन्ही कॅलिफोर्नियात. सॅन होजेचं जपानटाउन जॅक्सन स्ट्रीटच्या आसपास, चालत फिरून होईल एवढंच आहे. १९४२ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या ९०६६ क्रमांकाच्या आदेशानंतर पश्चिम किनाऱ्यावरच्या एक लाखाहून जास्त जपानी वंशाच्या लोकांना घरंदारं सोडून छावण्यांत राहावं लागलं. त्यातले बहुतेक अमेरिकेचेच नागरिक होते. युद्ध संपल्यावर काही कुटुंबं इथे परत आली आणि त्यांनी हा भाग पुन्हा उभा केला. फिफ्थ स्ट्रीटवर या सगळ्याचं संग्रहालय आहे. जेवणाच्या आधी तासभर काढून ते बघा, असं माझं आग्रहाचं सांगणं आहे. ज्या गल्लीत आपण जेवतो तिची ओळख होते.

१. सोबत काय घ्यायचं

- वयाचा खरा, छापील पुरावा. अमेरिकेत दारू प्यायला वय २१ पूर्ण लागतं. १९८४ च्या केंद्रीय कायद्यानंतर सगळ्याच राज्यांनी ही अट लावली. पन्नाशीच्या माणसालाही विचारू शकतात, त्यात अपमान मानू नका.
- क्रेडिट किंवा डेबिट कार्ड, आणि थोडी रोख रक्कम.
- फोनमध्ये लिहून ठेवलेली खाण्याची पथ्यं. मजकूर पाचव्या पायरीत दिला आहे.
- परत यायची सोय. ती निघण्यापूर्वीच ठरवा.

इथला पहिला सापळा: आधार कार्ड चालत नाही, भारतातलं ड्रायव्हिंग लायसन्स बहुतेक ठिकाणी नाकारतात, आणि पासपोर्टचा फोनवरचा फोटोही चालत नाही. खरा पासपोर्ट चालतो, पण तो घेऊन बारमध्ये जायचं म्हणजे जिवाला घोर. त्यामुळे इथे आल्यावर लवकरात लवकर डीएमव्हीत, म्हणजे इथल्या वाहन खात्याच्या कचेरीत जाऊन कॅलिफोर्नियाचं लायसन्स काढा. गाडी चालवायची नसेल तर स्टेट आयडी, म्हणजे राज्याचं ओळखपत्र काढा. जन्मतारीख इथे महिना-दिवस-वर्ष अशी वाचतात, हेही ध्यानात असू द्या.

लहान मुलं सोबत असतील तर जागेचा परवाना कसला आहे ते फोन करून विचारा. जेवण देणाऱ्या रेस्टॉरंटमध्ये मुलं चालतात. निव्वळ बारचा परवाना असेल तर २१ च्या आतल्या कुणालाही आत घेत नाहीत, मग ते आईच्या कडेवर का असेना.

२. जागा मिळवणं

शुक्रवारी-शनिवारी संध्याकाळी सातला गेलात तर तासभर उभं राहायची तयारी ठेवा. जागा लहान असतात. काही ठिकाणी ओपनटेबल किंवा रेझी या ॲपवर आरक्षण होतं, तर काही ठिकाणी दाराशी वहीत नाव लिहावं लागतं. सगळी मंडळी आल्याशिवाय टेबल न देण्याचा नियम बऱ्याच ठिकाणी असतो. आपल्या "निघालोच, पाच मिनिटांत पोहोचतो"ला तिथे कोणी भुलत नाही. दोघंच असाल तर काउंटरवर बसायची तयारी दाखवा. लवकर नंबर लागतो, आणि समोर निखाऱ्यावर काय भाजलं जातंय ते दिसतं.

३. आत शिरल्यावर

दार उघडताच सगळे कर्मचारी एकदम ओरडतात: "इराश्शाइमासे!" म्हणजे "या, या!" उत्तर द्यायची गरज नसते, मान हलवून हसलात तरी पुरे. बसलात की बऱ्याच ठिकाणी गरम ओला रुमाल देतात. तो हात पुसायला असतो. पुसून झाला की घडी घालून बाजूला ठेवायचा, तोंड-मान पुसायची नाही.

आधी पेयाची ऑर्डर घेतात. ते काय सांगायचं हे मनात ठरवून ठेवा, म्हणजे खाण्याचा मेनू सावकाश वाचायला वेळ मिळतो. सगळं खाणं एकदम मागवू नका. नव्या लोकांची हमखास होणारी चूक ती हीच. दोन माणसांत आधी तीन बश्या, त्या संपत आल्या की पुढच्या दोन. पदार्थ जसे तयार होतील तसे येतात, सूप शेवटी आणि तळण आधी असंही होतं. भात किंवा नूडल्स शेवटाला मागवायची पद्धत आहे.

४. पेय

साके ही व्हिस्कीसारखी भट्टीवर गाळलेली दारू नव्हे. तांदूळ, पाणी, यीस्ट आणि कोजी नावाची बुरशी यांच्या साह्याने ती आंबवतात. अल्कोहोल साधारण १५-१६ टक्के, म्हणजे बिअरच्या तिप्पट. चव सौम्य असल्यामुळे अंदाज येत नाही, म्हणून सांभाळून.

मेनूवरच्या काही नावांचा अर्थ तांदूळ किती घासला यावर आहे. आपल्याकडे हातसडीच्या तांदळाचं कौतुक, इथे नेमकं उलटं. दाणा जितका जास्त घासावा तितकी साके नाजूक आणि महाग. गिन्जोसाठी दाण्याचा जास्तीत जास्त ६० टक्के भाग उरवतात, दाइगिन्जोसाठी ५० टक्के. जुन्माई म्हणजे वरून अल्कोहोल न घातलेली. निगोरी म्हणजे ढगाळ, जाडसर गाळलेली, किंचित गोड. पहिल्यांदा पिणार असाल तर एक गो मागवा आणि दोघांत घ्या. गो म्हणजे १८० मिली. ती लहान सुरईतून येते, सोबत चिमुकले पेले. स्वतःचा पेला स्वतः भरायचा नाही, शेजाऱ्याचा भरायचा आणि तो आपला भरतो. मग "कांपाई!"

व्हिस्की मागितली आणि "नाही" म्हणाले तर चकित होऊ नका. कॅलिफोर्नियात सगळ्या प्रकारच्या मद्याचे परवाने मोजके आणि महाग असतात. लहान जागांकडे बहुधा फक्त बिअर-वाइनचा परवाना असतो, साके त्यात बसते. अशा ठिकाणची कॉकटेल्स बहुधा सोजू या कोरियन दारूची असतात, कारण २४ टक्क्यांपर्यंतची सोजू त्याच परवान्यावर विकता येते.

न पिणाऱ्यांनी संकोच करू नये, गरम हिरवा चहा सगळीकडे मिळतो. मला मात्र रामुने मागवायला आवडतं. आपल्या गोटी सोड्याची जपानी बहीणच ती: तीच गळ्यात अडकलेली काचेची गोटी, ती आत ढकलताना होणारा तोच आवाज. दोन्ही बाटल्यांचं मूळ एकच, १८७२ साली हायरम कॉड या इंग्रजाने पेटंट घेतलेली बाटली.

५. शाकाहारी असाल तर: दाशीचा प्रश्न

ही पायरी सावकाश वाचा.

जपानी स्वयंपाकाचा पाया म्हणजे दाशी. आपण फोडणी करतो, ते दाशी करतात. नेहमीची दाशी कोम्बू नावाचं समुद्री शेवाळ आणि कात्सुओबुशी यांची असते. कात्सुओबुशी म्हणजे बोनिटो जातीचा मासा उकडून, धुरावर धरून, लाकडासारखा टणक होईपर्यंत वाळवलेला, आणि मग रंध्याने काढावा तसा त्याचा पातळ भुगा. गरम पदार्थावर हा भुगा पसरला की वाफेने हलतो, वळवळतो. पहिल्यांदा बघाल तेव्हा जिवंत आहे असंच वाटेल.

म्हणून "व्हेजिटेरियन आहे का?" असं विचारू नका. असं विचारा: "डझ धिस हॅव दाशी, बोनिटो ऑर एनी फिश स्टॉक?" दाशी हा शब्द उच्चारलात की वेटर थांबतो आणि आत जाऊन विचारून येतो. तो तसा गेला नाही, जागेवरूनच "नो, नो" म्हणाला, तर नम्रपणे "कुड यू चेक विथ द किचन?" म्हणा. या एका प्रश्नाने माझ्या आईची पुढची प्रत्येक संध्याकाळ सुखाची गेली.

फोनमध्ये हा मजकूर ठेवा आणि स्वयंपाकघरात दाखवायला द्या: "नो मीट, नो फिश, नो दाशी, नो बोनिटो फ्लेक्स." अंडं चालत नसेल तर "नो एग, नो मेयोनेझ" हेही लिहा, कारण जपानी मेयोनेझमध्ये अंड्याचा बलक असतो.

फसवणारे पदार्थ हे:

- मिसो सूप. जवळपास नेहमीच दाशीचं.
- आगेदाशी टोफू. टोफू तळलेला, पण खालचा रस दाशीचा.
- हियायाक्को, म्हणजे गार टोफू. वर बोनिटोचा भुगा. तो न घालता देतात, पण आधी सांगावं लागतं. टोफूसोबत सॉस कोणता येतो तेही विचारा.
- भाज्यांचा टेम्पुरा, म्हणजे जपानी भजी. सोबतच्या वाटीतला रस दाशीचा असतो, त्याऐवजी मीठ मागा. पिठात अंडं असू शकतं, आणि तेल बहुधा कोळंबी तळलेलंच असतं.
- व्हेजिटेबल उडोन किंवा रामेन या नूडल्स. वर भाज्या, खाली माशाचं, कोंबडीचं किंवा डुकराच्या हाडांचं पाणी.
- ग्योझा, म्हणजे मोमोसारखा प्रकार. यात बहुधा डुकराचं मांस असतं.
- इनारी. तळलेल्या टोफूच्या पिशवीतला भात, पण ती पिशवी दाशीत शिजवलेली असते.
- पोन्झू सॉस. लिंबाचा वाटतो, पण त्यात बहुतेकदा बोनिटो असतो.

मग खायचं काय? एडामामे, म्हणजे मीठ लावलेल्या सोयाबीनच्या कोवळ्या शेंगा. दाण्यांवर दात धरून सोलायच्या, साल खायची नाही. शिशितो, म्हणजे भाजलेल्या छोट्या हिरव्या मिरच्या. त्या बहुतेक गोड असतात, अधूनमधून एखादी झणझणीत निघते. त्यांच्यावरही कधी कधी भुगा टाकतात, आधी सांगा. काकडीचा कप्पा माकी, ॲव्होकॅडो रोल, मुरलेल्या मुळ्याचा ओशिंको रोल. बटरवर परतलेले मशरूम.

आणि नासु देंगाकु: वांगं उभं चिरून भाजतात आणि वर गोडसर मिसोचा जाड लेप लावून पुन्हा आचेवर धरतात. चमच्याने गर खरवडून खायचा. मिसोत दाशी नाही ना एवढं विचारून घ्या. भरतावर जीव असणाऱ्या माणसाने हे खायलाच हवं. आईने पहिला घास घेऊन विचारलं, "यात गूळ घालतात का गं?" गूळ नसतो, साखर आणि मिरिन ही तांदळाची गोड दारू असते. हेही तिला सांगावं लागलं. ज्यांना स्वयंपाकातलीही दारू चालत नाही त्यांनी मिरिनबद्दल आवर्जून विचारावं.

जैन पथ्य पाळणाऱ्यांसाठी पर्याय फारच थोडे: एडामामे, कप्पा माकी, साधा भात. त्यांना घेऊन जाणार असाल तर दुपारीच फोन करून बोला. गर्दी नसताना लोक मनापासून मदत करतात.

६. मासे खाणाऱ्यांसाठी

कोकणातून किंवा गोव्याहून आलेल्यांनी सुशीवरच थांबू नये. घरची आठवण इझाकायाच्या भाजलेल्या माशांत आहे. साबा शिओयाकी मागवा: मीठ लावून भाजलेला साबा मासा, आपल्या बांगड्याचाच भाऊबंद. सोबत किसलेला मुळा येतो, तो घासाघासाला लावून खायचा. असारी साकामुशी म्हणजे साकेच्या वाफेवर उघडलेल्या तिसऱ्या. खालचा रस टाकू नका, भातावर घ्या. हामाची कामा म्हणजे हामाची या माशाच्या कल्ल्याखालचा गळपट्टा. डोक्याजवळचं मांस ज्यांना प्रिय आहे त्यांना वेगळं सांगायला नको. इका म्हणजे माकूल, एबी म्हणजे कोळंबी, काकी म्हणजे कालवं.

गोमांस टाळत असाल तर ग्यु आणि वाग्यु हे शब्द ओळखून ठेवा. गरोदर बायकांनी कच्चा मासा खाऊ नये असा इथल्या अन्न व औषध प्रशासनाचा सल्ला आहे. भाजलेले पदार्थ भरपूर असतात, तेव्हा अडत नाही.

७. काड्यांचे (चॉपस्टिक्सचे) नियम

दोनच गोष्टी कटाक्षाने टाळा. भातात काड्या उभ्या खोचू नका, आणि आपल्या काड्यांनी उचललेला घास दुसऱ्याच्या काड्यांत देऊ नका. दोन्हींचा संबंध मृत्यूनंतरच्या विधींशी आहे. आपण पानावर दक्षिणेकडे तोंड करून बसत नाही, तसंच हे. बाकी जमत नसेल तर काटा मागा, सुशी तर हाताने खाल्लेली चालतेच.

८. बिल आणि टिप

भारतातून आलेल्या माणसाचा सगळ्यात जास्त गोंधळ इथे होतो.

मेनूवरच्या किमतीत कर धरलेला नसतो. सॅन होजेत तो नऊ-दहा टक्क्यांच्या घरात जातो. त्यावर टिप. जपानमध्ये टिप देत नाहीत, पण ही अमेरिका आहे. इथे टेबलावर वाढणाऱ्याला १८ ते २० टक्के देण्याची रीत आहे, आणि ती कराआधीच्या रकमेवर मोजायची. ८० डॉलरचं खाणंपिणं झालं तर साधारण ८ डॉलर कर, १६ डॉलर टिप, म्हणजे खिशातून १०४ जातात. मेनू वाचताना प्रत्येक किमतीत मनातल्या मनात तीस टक्के मिळवत चला, नंतर धक्का बसत नाही.

कार्ड देण्याची पद्धत अशी. वेटर बिल आणून ठेवतो. तुम्ही त्यावर कार्ड ठेवता, तो ते घेऊन जातो आणि दोन पावत्या घेऊन येतो. त्यातल्या "मर्चंट कॉपी" लिहिलेल्या पावतीवर तीन गोष्टी करायच्या: टिपच्या रेघेवर रक्कम, खाली एकूण बेरीज, आणि सही. दुसरी पावती तुमची. ती घरी न्या. बँकेच्या ॲपमध्ये आधी टिपशिवायची रक्कम दिसते आणि एक-दोन दिवसांनी ती वाढते, तेव्हा जुळवून बघायला कामी येते.

दुसरा सापळा: सहा किंवा जास्त माणसं असतील तर बऱ्याच ठिकाणी टिप आधीच बिलात धरलेली असते. "ग्रॅच्युइटी" किंवा "सर्व्हिस चार्ज" अशी ओळ शोधा. माझ्या ओळखीच्या एका मुलाने दहा जणांच्या बिलावर ती ओळ न वाचता पुन्हा वीस टक्के लिहिले. पैसे त्याच्या पहिल्या पगाराचे होते.

बिल वेगवेगळं हवं असेल तर ऑर्डर देतानाच सांगा. शेवटी आठ कार्डं पुढे केलीत तर पंचाईत होते.

९. घरी परतताना

प्यायला असाल तर गाडीला हात लावू नका. यात तडजोड नाही. कॅलिफोर्नियात रक्तातल्या अल्कोहोलची मर्यादा ०.०८ टक्के आहे, पण गाडी चालवण्यावर परिणाम दिसला तर त्याहून कमी असतानाही अटक होते. आणि आपल्यापैकी जे व्हिसावर आहेत त्यांनी हे नीट वाचावं: दारू पिऊन गाडी चालवल्याच्या नुसत्या अटकेवरूनही अमेरिकेचं परराष्ट्र खातं व्हिसा रद्द करू शकतं, गुन्हा सिद्ध व्हायची वाट बघावी लागत नाही. उघडलेली बाटली गाडीत बसायच्या भागात ठेवणंही बेकायदा आहे.

उबर किंवा लिफ्टची (Lyft) टॅक्सी बोलवा. किंवा लाइट रेलने या-जा, जपानटाउन-आयर हे स्टेशन चालत जाण्याच्या अंतरावर आहे. शेवटच्या गाडीची वेळ मात्र आधी बघून ठेवा. कॅलिफोर्नियात रात्री २ नंतर दारू विकता येत नाही, पण लहान जागांची स्वयंपाकघरं त्याच्या कितीतरी आधी बंद होतात.

उठताना "गोचिसोसामा" म्हणा. जेवण झाल्यावर, वाढणाऱ्याचे आणि रांधणाऱ्याचे आभार मानायचा हा शब्द. काउंटरपलीकडचा भाजणारा माणूस कितीही कामात असला तरी तो ऐकून वर बघतो.

आणि जमलं तर त्या दिवशी दुपारीच लवकर या. जॅक्सन स्ट्रीटवर मांजूचं एक जुनं दुकान आहे, संध्याकाळी उशिरा गेलात तर बंद झालेलं असतं. मांजू आणि मोची म्हणजे तांदळाच्या किंवा गव्हाच्या पिठाच्या पारीत गोड घेवड्याचं पुरण. आईसाठी मी आता दर वेळी सहा घेते, त्यातले दोन गाडीतच संपतात.